पेल्येशात्सची वाइन शेवटी चाखावी

सकाळी डुब्रॉव्हनिकहून निघायचं, स्टोन, पेल्येशात्स द्वीपकल्प आणि कोर्चुला बेट बघायचं, वाटेत कुठेतरी वाइन चाखायची आणि रात्री मुक्कामी परतायचं, अशी एका दिवसाची सहल क्रोएशियात जाणाऱ्या बऱ्याच जणांच्या कार्यक्रमात असते. मी नाशिकला वाइन चाखायला शिकवते आणि अधूनमधून आपल्याकडच्या लोकांना घेऊन या किनाऱ्यावर जाते. या सहलीबद्दल माझं मत आता पक्कं झालं आहे. आधी मीठ, मग तटबंदी, मग बेट, मग डोंगर आणि सगळ्यात शेवटी वाइनचा ग्लास. अनेक सहली याच्या उलट चालतात. साडेदहाला लोकांच्या हातात ग्लास येतात, अकरा वाजता पाय जड होतात आणि कोर्चुलाच्या गल्ल्या पेंगत बघितल्या जातात.

आमच्या व्यवसायातलं कुणी इथे हरकत घेईल. जीभ सकाळीच सर्वांत तल्लख असते, म्हणून परीक्षक जेवणाआधी चाखतात, हे खरंच आहे. पण परीक्षकाला वाइनला गुण द्यायचे असतात. सहलीला आलेल्या माणसाला ती वाइन अशी का झाली, हे समजून घ्यायचं असतं. पेल्येशात्समध्ये त्याची कारणं बाटलीबाहेर, उघड्यावर पडलेली आहेत. ती आधी बघितली की संध्याकाळी थोडी दमलेली जीभसुद्धा बरंच काही सांगते.

स्टोनला पोचायला डुब्रॉव्हनिकहून साधारण तासभर लागतो. गावात शिरण्याआधीच उजेडात चमकणारी मिठागरं दिसतात. आपल्याकडे उरण-पेणच्या आगरात वाढलेल्या माणसाला इथे कुणी काही समजावून सांगायची गरज पडत नाही. समुद्राचं पाणी एका कुंडातून दुसऱ्यात सोडत जायचं, ऊन-वाऱ्यावर आटवायचं आणि शेवटच्या कुंडात मीठ धरलं की ओढून घ्यायचं. ही मिठागरं युरोपातल्या सर्वांत जुन्या, अजून चालू असलेल्या मिठागरांपैकी आहेत. मीठ धरणाऱ्या कुंडांना संतांची नावं दिली आहेत. एकाच कुंडाला संताचं नाव नाही, त्याचं नाव ‘मुंडो’, म्हणजे जग.

या मिठासाठीच डुब्रॉव्हनिकच्या प्रजासत्ताकाने, म्हणजे रागुसाने, 1333 मध्ये हे द्वीपकल्प विकत घेतलं आणि लगेच तटबंदी बांधायला काढली. द्वीपकल्पाच्या मानेवर, एका समुद्रापासून दुसऱ्या समुद्रापर्यंत डोंगर चढून-उतरून जाणारी ही भिंत मूळची सात किलोमीटरहून लांब होती. आज साधारण साडेपाच किलोमीटर उरली आहे. 1996 च्या भूकंपात गावाचं मोठं नुकसान झालं, भिंतीलाही धक्का बसला; नंतर ती निगुतीने दुरुस्त केली आहे. सकाळी उन्हाच्या आत चढलात तर वरून मिठागरं, खाडी आणि भिंतीच्या दोन्ही टोकांची गावं एका नजरेत येतात. ज्यांचे गुडघे साथ देत नसतील त्यांनी अर्ध्या तासाचा पहिला टप्पा करून खाली यावं. इतक्या मोठ्या भिंतीमागे राजवाडा नाही, खजिना नाही, मीठ आहे. हा व्यापाऱ्यांचा देश होता आणि हिशेब कुठे मांडायचा हे त्याला ठाऊक होतं.

या व्यापाऱ्यांची जहाजं फार लांबवर जात. जुन्या गोव्याजवळच्या गवंडाळीत संत ब्लेजचं चर्च आहे. हाच संत डुब्रॉव्हनिकचा रक्षणकर्ता. सोळाव्या शतकात तिथे रागुसाच्या व्यापाऱ्यांची वस्ती होती आणि ते चर्च त्यांच्याशी जोडलेलं आहे, असं काही क्रोएशियन अभ्यासक मानतात. गोव्यातून आलेल्या पाहुण्यांना स्टोनच्या वेशीवर हे सांगितलं की त्यांचं बघणं बदलतं.

भिंतीच्या पलीकडचं गाव माली स्टोन. इथल्या खाडीत दोरांना लावून कालवं वाढवतात. डोंगरातून झिरपणारं गोडं पाणी आणि जवळच समुद्राला मिळणारी नेरेत्वा नदी यांमुळे खाडीचं पाणी कालवांना मानवतं. कालव इथलं मूळचं, चपट्या शिंपल्याचं. 19 मार्चच्या सेंट जोसेफच्या सणाच्या सुमाराला ती सर्वांत भरलेली असतात असं स्थानिक सांगतात. कोकणातली माणसं खडकावरची कालवं फोडून खात आली आहेत, त्यांना फक्त लिंबू पिळून कच्चं खायचं धाडस करावं लागतं. शाकाहारी मंडळींसाठी मेंढीचं चीज, ऑलिव्ह तेल, पाव आणि बटाटा घालून केलेली ब्लित्वाची पालेभाजी असते. काळा भात मात्र विचारून घ्यावा, तो माकुळाच्या शाईने काळा होतो.

इथे व्हिसाबद्दल एक गोष्ट आवर्जून सांगते, कारण यात माणसं अडकतात. 1 जानेवारी 2023 पासून क्रोएशिया शेंगेनमध्ये आला आणि त्याच दिवशी तिथे युरोही सुरू झाला. डुब्रॉव्हनिकचा प्रदेश मात्र जमिनीवरून बाकी क्रोएशियाला जोडलेला नाही, मध्ये नेउम गावाशी बॉस्नियाचा छोटा किनारा येतो. याचं मूळही रागुसाच्या हिशेबी स्वभावात आहे. 1699 च्या कार्लोवित्सच्या तहानंतर व्हेनिसची सीमा आपल्याला भिडू नये म्हणून प्रजासत्ताकाने दोन्ही टोकांना जमिनीच्या पट्ट्या तुर्कांच्या ताब्यात दिल्या. त्यातली एक म्हणजे नेउम. स्प्लिटहून बसने येताना या पट्ट्यातून गेलं की शेंगेनच्या बाहेर पडल्याची नोंद होते, आणि एकदाच प्रवेशाचा व्हिसा असेल तर परत आत येता येत नाही. 26 जुलै 2022 ला सुरू झालेला पेल्येशात्सचा पूल, सुमारे 2.4 किलोमीटरचा, हा प्रश्न सोडवतो. स्प्लिटहून येणाऱ्यांनी गाडी पुलावरूनच नेणार आहात ना, हे आधी विचारून घ्यावं. डुब्रॉव्हनिकहून कोतोर किंवा मोस्तारची सहल घेण्याआधीही आपला व्हिसा परत आत येऊ देतो ना, हे बघून घ्यावं, कारण ती दोन्ही गावं शेंगेनबाहेर आहेत.

स्टोनहून द्वीपकल्पाच्या कण्यावरून रस्ता ओरेबिचला जातो आणि तिथून फेरीबोट थोड्याच वेळात कोर्चुला बेटावर पोचवते. कोर्चुलाचं जुनं गाव नकाशात माशाच्या काट्यासारखं दिसतं. मधला रस्ता कणा, दोन्ही बाजूंना गल्ल्या. पश्चिमेकडच्या गल्ल्या सरळ ठेवल्या आहेत, म्हणजे उन्हाळ्यातला माएस्त्राल वारा घरात खेळतो. पूर्वेकडच्या किंचित वाकवल्या आहेत, म्हणजे हिवाळ्यातला बोचरा बुरा अंगावर येत नाही. मे महिन्यातल्या दुपारी पश्चिमेच्या गल्लीतून पूर्वेच्या गल्लीत चालत जा, गालावरचा वारा थांबलेला जाणवेल. गाइडचं भाषण चालू असताना हे कळत नाही, म्हणून मी गटाला तिथे वीस मिनिटं मोकळं सोडते.

इथे मार्को पोलोचं म्हणून एक घर दाखवतात. तो इथे जन्मला हा गावाचा दावा आहे, इतिहासकारांना तो पटलेला नाही. मात्र 1298 मध्ये या बेटाजवळ जिनोवा आणि व्हेनिसच्या आरमारांची मोठी लढाई झाली आणि त्यात व्हेनिस हरलं, हे पक्कं. पोलो तिथेच पकडला गेला असं परंपरा सांगते. जिनोवाच्या तुरुंगात त्याने पिसाच्या रुस्तिचेल्लोला सांगून लिहवलेल्या प्रवासवर्णनात पश्चिम किनाऱ्यावरच्या ‘ताना’ राज्याचं वर्णन आहे. ते म्हणजे आपलं ठाणं. तिथले चाचे आणि घोड्यांची आयात, दोन्ही त्यात आहेत. गटात ठाण्याचं कुणी ना कुणी असतंच.

बेटाच्या पूर्व टोकाला लुम्बार्दा गावी वालुकामय जमिनीत ग्रक नावाचं पांढरं द्राक्ष होतं. त्याच्या फुलांत कामाचे पुंकेसर नसतात, त्यामुळे एकट्याने त्याला फळ धरत नाही. शेजारी दुसऱ्या जातीच्या ओळी लावाव्या लागतात, बहुतेक प्लावात्स माली या काळ्या द्राक्षाच्या. वेळ असेल तर ही बाग बघावी. नसेल तर फेरी चुकवू नये, कारण उरलेला सगळा वेळ डिंगाचला लागतो.

डिंगाच हा पेल्येशात्सच्या दक्षिण उतारावरचा पट्टा. 1961 मध्ये त्याला कायद्याचं संरक्षण मिळालं, क्रोएशियातला असा पहिला वाइन-प्रदेश तो हाच. बागा समुद्राकडे आणि बागाईतदारांचं पोतोम्ये गाव मात्र डोंगराच्या मागे. पूर्वी तोडलेली द्राक्षं गाढवांच्या पाठीवर लादून कडा ओलांडावा लागे. डिंगाचच्या लेबलवर अजून गाढवाचं चित्र दिसतं, ते त्यामुळे. 1970 च्या दशकात या शेतकऱ्यांनी आपल्या पैशाने डोंगर फोडून सुमारे 400 मीटरचा बोगदा केला. एकच गाडी मावेल इतका अरुंद, भिंती ओबडधोबड खडकाच्या. अंधारातून गाडी बाहेर येते आणि रस्त्याखाली उतार एकदम समुद्रात कोसळताना दिसतो.

एकदा निफाडचे एक बागाईतदार आमच्याबरोबर होते. गाडीतून उतरल्या उतरल्या ते उतारावर वाकले आणि त्यांनी विचारलं, “माती कुठंय?” माती जवळजवळ नाहीच, चुनखडीचा खडक आणि खडी. मांडव नाही, तारा नाहीत. बुटकी झुडपं एकेकटी उभी. त्यांचा पुढचा प्रश्न, “पाणी कसं देता?” तिथल्या शेतकऱ्याने सांगितलं, हिवाळ्यात पडेल तेवढाच पाऊस, बाकी मुळांनी शोधायचं. आपल्याकडे एप्रिलमध्ये खरड छाटणी, ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी, म्हणजे वेलीला वर्षात दोनदा जागं करायचं. इथे हिवाळ्यात एकदाच छाटणी आणि सप्टेंबरच्या आसपास तोडणी. दोघांनी बराच वेळ एकमेकांच्या छाटण्या हाताने करून दाखवल्या. मग तिथल्या शेतकऱ्याने एक घड उचलून पुढे केला. त्यातले काही मणी टपोरे निळे, काही सुरकुतून मनुका झालेले आणि दोनचार अजून हिरवट. निफाडचे काका म्हणाले, “आमच्याकडं हा माल व्यापारी परत पाठवंल.” इथली प्लावात्स माली अशीच, एका घडात वेगवेगळ्या वेळी पिकणारी जात आहे. तिच्या वाइनमधली गोडसर सुक्या फळाची चव आणि आंबटपणाची धार, दोन्ही त्याच घडातून येतात. स्थानिक म्हणतात की डिंगाचच्या द्राक्षाला तीन सूर्य लागतात. एक आकाशातला, एक समुद्रावरून उसळलेला आणि एक दगडातून तापणारा.

या जातीचं कुळ सापडायला बरीच वर्षं लागली. शेजारच्या नेरेत्वा भागात जन्मलेले मिल्येन्को गर्गिच कॅलिफोर्नियात माइक गर्गिच झाले. त्यांनी केलेली 1973 ची शार्डोने 1976 च्या पॅरिसच्या चाचणीत पांढऱ्या वाइनमध्ये पहिली आली. कॅलिफोर्नियातलं झिन्फांडेल म्हणजे आपल्या गावचं प्लावात्स माली, असं त्यांना वाटत असे. शास्त्रज्ञ कॅरोल मेरेडिथ यांनी झाग्रेबच्या इवान पेयिच आणि एदी मालेतिच यांच्यासोबत डीएनए तपासला, तेव्हा नातं निराळंच निघालं. 2001 मध्ये स्प्लिटजवळच्या काश्तेलातल्या त्सर्ल्येनाक काश्तेलान्स्की नावाच्या विस्मृतीत गेलेल्या वेली झिन्फांडेलच निघाल्या. प्लावात्स माली ही तिची आणि दोब्रिचिच या जातीची लेक. गर्गिच यांनी 1996 मध्ये जवळच्या तर्स्तेनिकला वाइनरी काढली होती. ते 2023 मध्ये, वयाच्या शंभराव्या वर्षी गेले.

आता ग्लास. मी फक्त तीन वाइन ठेवते, प्रत्येकीचं दोन घोट इतकंच माप. पहिली कोर्चुलाची पोशिप, पांढरी, चीजबरोबर. मग एकाच वाइनरीच्या, एकाच वर्षाच्या दोन प्लावात्स माली शेजारी-शेजारी, एक डोंगरामागच्या सपाट शेतातली आणि एक डिंगाचची. द्राक्ष एक, हात एक, मध्ये फक्त तो कडा. सपाटीवरची हलकी, लालसर, लवकर संपणारी. डिंगाचची गडद, सुक्या अंजिराच्या आणि काळ्या मनुकांच्या वासाची, आणि कच्चं जांभूळ जीभ धरून ठेवतं तशी घशापर्यंत धरून ठेवणारी. तिच्यात अल्कोहोल 14-15 टक्क्यांच्या घरात असतं, म्हणून थुंकायचं भांडं मागून घ्यावं. त्यात लाज वाटण्याजोगं काहीच नाही, आम्ही रोज तेच करतो. न पिणाऱ्यांनाही मी ग्लास देते. वासासाठी प्यावं लागत नाही. पुण्याच्या एका काकूंनी नुसत्या वासावर दोन्ही ग्लास ओळखले, पिणाऱ्यांपैकी निम्म्यांना ते जमलं नाही. वाइनच्या रस्त्यावर स्वतः गाडी चालवत जाऊ नये, याचं कारण वेगळं सांगायला नको. क्रोएशियात चालकाच्या रक्तातल्या अल्कोहोलची मर्यादा 0.5 पर मिलची (दर हजारी 0.5) आहे आणि हे घाटरस्ते मर्यादेच्या आतल्या माणसालाही सोपे नाहीत.

महिना निवडता येत असेल तर मे किंवा सप्टेंबरचा उत्तरार्ध. सप्टेंबरमध्ये तोडणी दिसते, मेमध्ये तटबंदी चढवते. जुलै-ऑगस्टमध्ये क्रूझची गर्दी आणि ऊन, दोन्ही टाळण्यासारखी. बाटली घ्यायची असेल तर पोशिपऐवजी डिंगाच घ्यावी. पोशिप ताजी चांगली लागते, तिला घरी आणून ठेवण्यात अर्थ नाही. डिंगाच चारपाच वर्षं सहज टिकते, पण आपल्या उन्हाळ्यात उघड्या कपाटात नाही. फ्रिजच्या खालच्या कप्प्यात आडवी ठेवा आणि ओतण्याआधी अर्धा तास बाहेर काढा. भारतात परतताना माणशी दोन लिटरपर्यंत मद्य शुल्काशिवाय आणता येतं, म्हणजे 750 मिलीच्या दोन बाटल्या. त्यांतली एक तिथल्या सपाटीवरची आणा, म्हणजे घरच्यांनाही दोन्ही शेजारी ठेवून चाखता येतील.