दप्तराचे रुमाल

कुळकर्णी वतने १९५० च्या कायद्याने खालसा झाली, तरी आमच्या आजोबांनी माडीवरच्या फडताळातील जुनी दप्तरे जागची हलविली नाहीत. तांबड्या खारव्याच्या रुमालांत बांधलेले ते कागद, त्यांतील जमाबंदीचे ताळेबंद, कौलनामे आणि कोणत्याशा सीमातंट्याचा महजर, दसऱ्यापूर्वी उन्हात पसरले जात. आणि ते पुन्हा बांधण्याची वेळ आली म्हणजे आजोबा ते काम दुसऱ्या कोणाच्याही हाती देत नसत. गुडघ्याने गठ्ठा दाबून ते रुमालाची समोरासमोरची टोके एकमेकांत अडकवीत, उरलेली दोन त्यांवरून फिरवीत आणि अखेरीस अशी पीळदार गाठ मारीत, की चार गठ्ठ्यांतून त्यांचा गठ्ठा डोळे झाकून निवडावा.

पुढे मोडी शिकून पुण्याच्या पेशवे दप्तरात बसू लागलो, तेव्हा हेच रुमाल फडताळाफडताळांतून, नजर पोहोचेल तेथवर रचलेले पाहिले. १८१८ नंतर इंग्रज सरकारच्या ताब्यात गेलेल्या, इनामांच्या चौकशीसाठी वर्षानुवर्षे चाळल्या गेलेल्या या संग्रहातून गोविंद सखाराम सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात निवडक कागद ४५ खंडांत प्रसिद्ध केले. त्या खंडांवाचून माझ्या पिढीतील कोणाही अभ्यासकाचे पाऊल पुढे पडले नसते. परंतु ज्या कारकुनांनी हे कागद वाळवीपासून आणि ओलीपासून राखले, त्यांचा मागमूस कोणत्याच निवडीत लागणे शक्य नव्हते. त्यांनी स्वतःविषयी कधी काही लिहिलेच नव्हते.

दयानिता सिंग या छायाचित्रकर्तीने मला त्यांच्याकडे परत नेले. भारतातील दप्तरखान्यांची कृष्णधवल छायाचित्रे तिने २०१३ साली ‘फाइल रूम’ या ग्रंथात एकत्र केली: छतापर्यंत गेलेल्या मांडण्या, कागदांचे ढीग, आणि त्यांत जवळजवळ लोपून गेलेला एखादा अभिलेखपाल. पण मी खिळून राहिलो तो ‘टाइम मेझर्ड’ या २०१६ च्या मालिकेपुढे. तेथे केवळ गठ्ठे आहेत, तेही बांधलेलेच. तांबडे कापड कोठे गुलाबी झाले आहे, कोठे पार विटले आहे, आणि एकाची गाठ दुसऱ्याच्या गाठीसारखी नाही. आत काय आहे हे चित्रकर्ती सांगत नाही.

माझ्या एका इतिहासज्ञ स्नेह्याचा आक्षेप असा, की ज्याचे स्थळ नाही, मिती नाही, मजकूर नाही, ते साधन कसले? आक्षेप वजनदार आहे. शिवाय दिसते ती गाठ अर्थातच शेवटच्या हाताची. तिच्यापूर्वीच्या किती सुटल्या याची गणती नाही. तरीही मला वाटते, की आम्ही जन्मभर जी गाठ घाईने सोडून बाजूला सारली, तिच्यातच त्या निनावी चाकरीचा एकुलता पुरावा होता, आणि तो पुरावा न सोडता पाहण्याचे धैर्य इतिहासकाराला झाले नाही, ते एका चित्रकर्तीला झाले. संगणकीय प्रती काढावयाच्या तर रुमाल सोडावेच लागतात, आणि ते काम अवश्य व्हावे. मात्र प्रत्येक रुमाल सोडण्यापूर्वी त्याचे, आहे त्या गाठीसह, एक छायाचित्र घ्यावे आणि त्याच्या क्रमांकाखाली यादीत दाखल करावे, एवढी माझी दप्तरखान्यांच्या अधिकाऱ्यांना विनंती आहे.