बुडालेल्या द्वारकेच्या कांठीं

सौराष्ट्राच्या पश्चिम टोकास, गोमती नांवाची लहानशी खाडी जेथें अरबी समुद्रास मिळते, तेथें द्वारका वसलेली आहे. चार धामांत व सात मोक्षपुऱ्यांत हिची गणना असल्यामुळें यात्रेकरूंचा ओघ येथें बारमास चालूच असतो. मुंबईहून ओख्यास जाणारी आगगाडी थेट द्वारकेस पोंचविते, तेव्हां आपल्याकडील कुटुंबांस ही यात्रा अवघड नाहीं. हा मुलूख आपणांस अगदींच परका आहे असेंही नव्हे. १९४९ सालीं बडोदें संस्थान विलीन होईपर्यंत ओखामंडळावर गायकवाडांचा अंमल होता.

द्वारकाधीशाच्या देवळास येथें जगतमंदिर म्हणतात. तें पांच मजली असून त्यास ७२ खांब आहेत. उत्तरेकडील दरवाजा मोक्षद्वार आणि दक्षिणेकडील स्वर्गद्वार. स्वर्गद्वारांतून ५६ पायऱ्या उतरल्या कीं गोमतीचा घाट लागतो. या घाटावर आलेला मनुष्य देवळाकडे पाठ करून समुद्राकडे पाहूं लागतो, असें आमच्या ध्यानांत आलें. आम्ही उभे होतों तेथेंच एक वृद्ध गृहस्थ आपल्या नातवास लाटांकडे बोट करून, ‘तेथें खालीं सोन्याची नगरी आहे,’ असें सांगत होते. आणि नातू, ‘मग ती वर कां काढीत नाहींत?’ असें विचारीत होता.

शोधण्याचे प्रयत्न पुष्कळ झाले आहेत. १९६३ सालीं पुण्याच्या डेक्कन कॉलेजनें येथें उत्खनन केलें. पुढें १९७९-८० मध्यें डॉ. एस्. आर्. राव यांनीं मंदिरापुढील जागा खणविली, तेव्हां जुन्या देवळांचे अवशेष निघाले. १९८३ पासून गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या पाणबुड्यांनीं समुद्राचा तळ धुंडाळला. तेथें घडीव दगडांच्या राशी आणि गलबतांचे दगडी नांगर सांपडले. फेब्रुवारी २०२५ मध्यें भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्यानें पाण्याखालील शोध पुनः हातीं घेतला. महाभारतांतील द्वारका ती हीच, असें राव यांचें मत होतें. इतर कित्येक संशोधक त्या दगडांचा काळ बराच अलीकडचा मानतात.

दगडांचें वय दगड जाणणाऱ्यांनीं ठरवावें. आमच्यासारख्या संस्कृत शिकलेल्या माणसास निराळेंच नवल वाटतें. नगरी कोठें बुडाली याचा एवढा शोध चालतो, परंतु ती कशी बुडाली हें मौसलपर्वांत सांगितलें असतां तें पर्व फारसें कोणी वाचीत नाहीं. पुष्कळांची समजूत अशी कीं, समुद्र अकस्मात् चालून आला आणि यादव त्यांत बुडून मेले. मौसलपर्वांत असें मुळींच नाहीं.

भारतीय युद्धास ३६ वें वर्ष लागलें होतें. विश्वामित्र, कण्व आणि नारद द्वारकेस आले असतां यादवांच्या तरुण मंडळीनें सांबास स्त्रीवेष देऊन त्यांच्यापुढें उभें केलें आणि हिला काय होईल म्हणून विचारलें. ऋषींनीं शाप दिला, व दुसऱ्याच दिवशीं सांबाच्या पोटीं लोखंडी मुसळ जन्मलें. राजानें त्याचें चूर्ण करवून समुद्रांत टाकविलें, मद्य करण्यास बंदी केली आणि ती मोडणारास आप्तांसह सुळीं देऊं, अशी दवंडी पिटविली. परंतु उत्पात थांबले नाहींत. निजलेल्या माणसांचे केस व नखें उंदीर कुरतडूं लागले. सारस घुबडांसारखे आणि बोकड कोल्ह्यांसारखे ओरडूं लागले. याच यादींत व्यास असेंही सांगतात कीं, यादव वडिलांचा व गुरूंचा अपमान करूं लागले. उंदीर आणि घुबडें यांच्या पंक्तीस हाही एक उत्पातच म्हणून बसविला आहे.

पुढील प्रसंग द्वारकेचा नव्हे, प्रभासाचा आहे. म्हणून यात्रेकरूनें तेथून सुमारें २३० किलोमीटर दूर असलेल्या सोमनाथास अवश्य जावें. १९५१ सालीं प्राणप्रतिष्ठा झालेलें मंदिर आणि अहल्याबाई होळकरांनीं १७८३ सालीं बांधविलेलें देऊळ, हीं दोन्ही जवळजवळच आहेत. याच किनाऱ्यावर यादव तीर्थयात्रेस म्हणून आले आणि पिऊं लागले. सात्यकीनें कृतवर्म्यास हिणविलें कीं, तूं निजलेल्यांस मारणारा. कृतवर्म्यानें उलटून म्हटलें कीं, तूं तर हात तुटून प्रायोपवेशनास बसलेल्या भूरिश्रव्यास मारणारा. छत्तीस वर्षांपूर्वींचीं हीं उणीं. आणि दोन्ही खरीं होतीं, हेंच त्यांतील भयंकर! सात्यकीनें कृतवर्म्याचें शिर उडविलें; त्याच्या पक्षाच्या लोकांनीं सात्यकीस उष्ट्या भांड्यांनीं ठेचलें. मग कांठावरची एरका, म्हणजे लव्हाळ्यासारखें गवत, जो उपटी त्याच्या हातीं तिचें मुसळ होई. बापानें मुलास मारलें, मुलानें बापास मारलें.

येथपर्यंत समुद्रानें कांहींच केलेलें नाहीं. दारुक सारथि हस्तिनापुरास जाऊन अर्जुनास घेऊन आला. अर्जुनानें मागें राहिलेल्या स्त्रिया, मुलें व वृद्ध यांस सातव्या दिवशीं नगर सोडण्यास सांगितलें. आणि ते बाहेर पडल्यावर त्यांच्या मागोमाग सागर रिकाम्या नगरींत शिरला. ही भूमि मुळांत सागरानेंच मागें सरून कृष्णास दिली होती, असें हरिवंशांत आहे. दिलेली जागा त्यानें परत घेतली, तीही माणसें निघून गेल्यावर. सागरावर खापर फोडणें न्यायाचें नव्हे. यादवकुल त्यापूर्वींच प्रभासाच्या कोरड्या वाळूंत बुडालें होतें.

वाटेंत पंचनद देशांत लाठ्या घेतलेल्या आभीरांनीं या निराधार लोकांस लुटलें, आणि गांडीव चढविणेंही अर्जुनास जड गेलें. तरी उरलेल्यांस त्यानें ठिकठिकाणीं वसविलें व कृष्णाचा पणतू वज्र यास इंद्रप्रस्थीं राज्य दिलें. कुल अगदीं निर्मूल झालें नाहीं, तें या एका माणसानें अपमान सोसून केलेल्या कामामुळें.

द्वारकेहून ओख्यापलीकडील बेट द्वारका पाहण्यास पूर्वीं होडीनें जावें लागे. फेब्रुवारी २०२४ मध्यें सुदर्शन सेतु खुला झाल्यापासून मोटारीनें जातां येतें. तेथें कृष्णाचें राहतें घर होतें, अशी श्रद्धा आहे. सागरानें सर्व नगरी बुडविली, पण श्रीकृष्णाचें मंदिर तेवढें राखिलें, असें विष्णुपुराण व भागवत सांगतात.

या यात्रेस निघणाऱ्या कुटुंबांस आमची एक सूचना आहे. बरोबर मौसलपर्व न्यावें. तें लहानसें आहे. दोन संध्याकाळीं वाचून होतें. घरांतील वडिलांनीं तें सर्वांदेखत मोठ्यानें वाचावें, आणि सात्यकी व कृतवर्मा यांचें बोलणें आलें म्हणजे अंमळ थांबावें. ज्या घरांत पंगतीस बसल्यावर तीस वर्षांपूर्वींचीं उणीं निघतात, तेथें पुढें कांहीं समजावून सांगण्याची गरज पडणार नाहीं.