उचल

१८६५ साली अमेरिकेने गुलामगिरी कायद्याने संपविली आणि १८७३ मध्ये जोतीराव फुले यांनी ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ तेथील सदाचारी लोकांना अर्पण केला, हे मी वर्षानुवर्षे शिकवीत आलो. आपला वेठबिगार निर्मूलन कायदा १९७६ चा. त्यानंतरही गंगाखेडकडे माझे वडील सालगडीच होते. पाडव्याला उचल घेत, पुढल्या पाडव्याला बाकी निघेच. हिशेबाची वही अर्थातच मालकाकडे.

गतवर्षी वसतिगृहातील एका मुलाने विचारले, “सर, मुकादमाची उचल फिटेपर्यंत आईबाबांना ऊसतोडीहून परतता येत नाही. ते कोणत्या साली मुक्त झाले?”

मी निरुत्तर झालो. रात्री कायदा काढून वाचला. त्यातील पहिलीच व्याख्या ‘अग्रिम’ या शब्दाची आहे. अग्रिम म्हणजे उचलच. दुसऱ्या दिवशी ती वर्गात वाचली. मुलाने वहीत उतरवून घेतली. आईबाबा गावी आले की वाचून दाखवीन, म्हणाला.