खिडकीतून आलेली आग

दौंडच्या माणसाला रुळांचं काय अप्रूप! मालगाडी मनमाडकडे वळली की सोलापूरकडे, हे आम्ही अंथरुणात पडल्या पडल्या आवाजावरून सांगतो. पण इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, डेव्हन परगण्यातल्या डार्टमूर नावाच्या त्या अफाट माळावर मी रुळांपाशी चक्क गुडघे टेकून बसलो. रूळ दगडाचे! ग्रॅनाइटचे लांबट ठोकळे एकापुढे एक मांडलेले, चाक घसरू नये म्हणून प्रत्येकाला कडेने खाच कोरलेली, आणि जिथे वाट फुटते तिथला सांधासुद्धा दगडातच घडवलेला. 1820 साली ही गाडीवाट सुरू झाली. इंजिन नाही, घोडे. हेटॉरच्या खाणीतला ग्रॅनाइट या रुळांवरून उतरायचा, पुढे कालव्याने आणि समुद्राने लंडनला जायचा. 1831 साली खुला झालेला लंडन ब्रिज या दगडाचा. तो पूल पुढे एका अमेरिकनाने विकत घेतला आणि ॲरिझोनाच्या वाळवंटात नेऊन उभा केला, म्हणजे या माळाचा तुकडा आता तिकडे ऊन खातो आहे.

"काका, उठा आता. रूळ बघायला नाही आलोय आपण," पुतणी म्हणाली. खरं होतं. आम्ही आलो होतो ते 1638 साली ज्या देवळात आगीचा गोळा शिरला, ते देऊळ बघायला.

पण हा माळ माणसाला पुढे जाऊ देईल तर ना! साडेनऊशे चौरस किलोमीटर. ऑक्टोबरचे दिवस, नेच्याची सगळी रानं तांब्यासारखी लालभडक झालेली, त्यात मधूनच काटेरी गोर्सची पिवळीजर्द फुलं. वाकून वास घेतला आणि दचकलोच. खोबरं! ताज्या किसलेल्या खोबऱ्याचा वास, आणि तोही समुद्र सोडून आत, या थंडगार माळावर. टेकड्यांच्या डोक्यावर ग्रॅनाइटच्या चळती उभ्या आहेत, त्यांना 'टॉर' म्हणतात. आमच्या शिरूरच्या शिवेवर निघोजला कुकडीने पाषाण आतून पोखरून रांजण केले. इथे पावसावाऱ्याने आजूबाजूचं सगळं खाऊन फक्त गाभा शिल्लक ठेवलाय. हा ग्रॅनाइट 28 कोटी वर्षांचा. आपला काळा कातळ साडेसहा कोटी वर्षांचा, म्हणजे सह्याद्री याच्यापुढे कालचं पोर. मला थोडा रागच आला.

मेंढ्या जिकडेतिकडे, अंगावर निळ्यालाल रंगाचे फराटे, आणि राखायला कोणीही नाही. आमच्याकडे शिरूर-दौंडच्या रानात मेंढरं दिसली की मागेपुढे घोंगडीवाला धनगर, कुत्रं आणि संसार लादलेलं घोडं असायचंच. इथे मेंढी रस्त्याच्या मधोमध बसून रवंथ करते आहे आणि गाड्या तिची मर्जी सांभाळून उभ्या आहेत. हद्दीवर फाटकसुद्धा नाही. रस्त्यात खड्डा खणून त्यावर लोखंडी दांड्यांची जाळी टाकली आहे. गाडी खडखडत पार होते, मेंढीचा पाय धजत नाही.

मग रस्ता खाली उतरायला लागतो. दोन्ही बाजूंनी झाडोऱ्याच्या भिंती, एवढ्याशा बोळातून जणू गाडीने अंग चोरून जावं, आणि एकदम दरी उघडते. हिरवीगार वाटी, दगडी कुंपणांनी चिरफाळलेली, आणि मधोमध एक मनोरा. सुमारे सव्वाशे फूट उंच, करडा, चारही कोपऱ्यांवर शिखरं. गाव म्हणाल तर मूठभर घरं. हे वाइडकूम. सेंट पँक्रासच्या या देवळाला सगळे 'माळाचं कॅथीड्रल' म्हणतात. कथलाच्या खाणींवर पैसा केलेल्यांनी हा मनोरा बांधवला, असं गावकरी सांगतात. पैसा आल्यावर गावाने देवळाचा कळस उंच करावा, हे मला अगदी घरचं वाटलं.

आत ग्रॅनाइटचे एकसंध खांब, गार वास, आणि वर छताच्या लाकडी सांध्यांवर कोरलेली रंगीत फुलं. त्यांतल्या एकापाशी मान दुखेस्तोवर थांबलो. तीन ससे गोल पळताहेत. कान मोजले तर तीनच, पण कुठल्याही सशाकडे बघा, त्याला दोन कान आहेत! अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात एका डोक्याची चार हरणं पाहिलेल्या माणसाला ही गंमत लगेच कळते. हेच तीन ससे चीनमधल्या तुनहुआंगच्या लेण्यांतही आहेत म्हणे. कुठून कुठे पळत आले असतील बिचारे!

आणि मनोऱ्याखाली भिंतीवर त्या पाट्या. लाकडाच्या चार पाट्या, त्यांवर रंगाने लिहिलेली लांबलचक पद्यकथा. गावच्या मास्तराने, रिचर्ड हिल त्याचं नाव, आपल्या गावावर काय कोसळलं ते यमकं जुळवून मांडलं. जुन्या पाट्या जीर्ण झाल्यावर 1786 साली नव्याने लिहून घेतल्या. आमच्याकडे देवळात देणगीदारांची पाटी असते, पायरीला रुपये किती दिले त्याची. विजेने काय केलं याचा जमाखर्च भिंतीवर लावलेला मी पहिल्यांदाच पाहिला.

21 ऑक्टोबर 1638, रविवार. दुपारची प्रार्थना चालू आहे. देवळात तीनेकशे माणसं दाटली आहेत. बाहेर आभाळ भरून येतं, इतकं की हातातल्या पोथीतलं अक्षर दिसेना. गडगडाट. भिंती हलताहेत. आणि खिडकीतून आगीचा एक भला मोठा गोळा आत येतो, माणसांच्या मधून देवळाच्या लांबीभर जातो! धूर, गंधकाची घाण, किंकाळ्या. मनोऱ्याचं एक शिखर निखळून छप्पर फोडून आत कोसळतं. लोकांना वाटतं, कयामत आली, या नरकाच्या ज्वाळा आहेत.

चार माणसं दगावली, साठेक जखमी झाली. पण मला खिळवून ठेवलं ते आकड्यांनी नाही, त्या आगीच्या लहरीपणाने. पाद्री जॉर्ज लाइड प्रार्थना सांगत होता. त्याला काही झालं नाही. त्याच्या बायकोची गळ्याभोवतीची झालर आणि आतले कपडे जळून अंग होरपळलं. त्याच बाकाच्या दाराशी बसलेली मोलकरीण आणि लेकरू सुखरूप. एका गृहस्थाचं डोकं भिंतीवर आपटून तो त्याच रात्री गेला; खेटून बसलेल्या मुलाला ओरखडा नाही. कित्येकांची कातडी भाजली आणि वरचे कपडे जसेच्या तसे. एक कुत्रं गरगर फिरून दाराबाहेर फेकलं गेलं आणि तिथेच मेलं. या कल्लोळात कोणीतरी विचारलं, बाहेर पडायचं का? तर लाइड म्हणाला, आधी प्रार्थना पुरी करू; मरायचंच तर इथे मेलेलं काय वाईट!

हे सगळं त्याच वर्षी लंडनमध्ये पुस्तिका छापून विकलं गेलं. शिवाजी महाराज तेव्हा आठ वर्षांचे होते, आणि इकडे हे लोक विजेच्या अपघाताचा तपशील बाकागणिक छापत होते. मी तिथे उभा राहून आमचा वळीव आठवत होतो. आमचा मुलूख पर्जन्यछायेतला, पाऊस बेताचाच, पण वैशाखातल्या दुपारी भीमेच्या पलीकडून ते काळंनिळं आभाळ उठतं, धुळीची भिंत धावत येते आणि पाण्याआधी विजा कोसळायला लागतात. झाडाखाली आसऱ्याला गेलेला गुराखी, कांदा काढणाऱ्या बाया, झाडाला बांधलेली बैलजोडी. देशात दरवर्षी दोन हजारांवर माणसं विजेने मरतात. दुसऱ्या दिवशी पेपरात आतल्या पानावर चार ओळी, पंचनामा, मदतीचा धनादेश. कोण कुठे बसलं होतं, शेजारचा कसा वाचला, वास कसला आला, कोणी लिहून ठेवतं? पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेचं 'दामिनी' ॲप आता वीज पडण्याआधी फोनवर सावध करतं, ते मोलाचंच आहे. पण साक्ष? ती आमच्याकडे म्हाताऱ्यांबरोबर जाते.

शिरूरकडचे माझे मामा पायाळू. आभाळ गडगडलं की आजी त्यांना ओढून माजघरात, सगळ्या पोरांच्या मधोमध बसवायची. पायाळू माणसाला वीज शोधत येते ना! मामांना शेवटपर्यंत काही झालं नाही. पण वीज माणूस निवडते, हा धाक आमच्या घरात होताच, आणि तोच धाक इथे इंग्रजीत भिंतीवर टांगलेला.

तर हा गोळा म्हणजे होतं तरी काय? जगभरच्या साक्षी एका सुरात बोलतात. वीजवादळ, मग नारळाएवढा, कधी त्याहून मोठा, झळाळता गोळा. जमिनीला समांतर रेंगाळत जातो, खिडकीतून, धुराड्यातून आत येतो, काही सेकंदांत गुपचूप विझतो नाहीतर धडाड्याने फुटतो. वाइडकूमवाल्यांना आपला गोळा इंग्लंडातला सर्वांत जुना म्हणून मिरवता यायचा. 2022 साली डरहॅम विद्यापीठाच्या अभ्यासकांनी त्यांचा मान काढून घेतला: कँटरबरीच्या जर्व्हेस नावाच्या भिक्षूने 7 जून 1195 रोजी लंडनजवळ काळ्या ढगाखालून गरगरत नदीकडे उतरलेला आगीचा गोळा नोंदवून ठेवला होता. म्हणजे आमचे ज्ञानेश्वर जन्मायच्याही ऐंशी वर्षं आधी!

आणि अगदी विमानातला गोळा. 1963 साली न्यूयॉर्कहून वॉशिंग्टनला जाणाऱ्या विमानात, वादळात, वैमानिकांच्या खोलीतून जवळजवळ वीतभर व्यासाचा निळसर पांढरा गोळा बाहेर आला आणि दोन रांगांमधल्या वाटेने सरळ मागे गेला. प्रवाशांत जेनिसन नावाचा, पुढे इलेक्ट्रॉनिक्सचा प्राध्यापक झालेला शास्त्रज्ञ बसला होता! त्याने 'नेचर'मध्ये लिहिलं म्हणून जगाने ऐकलं. हेच एखाद्या एसटीच्या कंडक्टरने सांगितलं असतं तर?

शास्त्रज्ञांच्या तर्कांची जत्रा भरली आहे. पुढे नोबेल मिळवलेल्या रशियाच्या कापित्सांनी 1955 साली म्हटलं, ढगातून येणाऱ्या रेडिओलहरी त्याला पोसतात. इन्सब्रुकच्या दोघांनी 2010 साली सुचवलं, काही वेळा तो भासच असावा. जवळच्या विजेचं चुंबकीय क्षेत्र मेंदूला चेतवतं आणि डोळ्यांपुढे गोळा तरळतो. असेल. पण कुत्र्याला कसला भास! मला भावला तो न्यूझीलंडच्या दोघांचा 2000 सालचा विचार: वीज जमिनीत घुसते, मातीतलं सिलिकॉन वाफ होऊन उडतं, हवेत त्याच्या कणांचं तलम जाळं होतं आणि ते सावकाश जळत राहतं. मग नशिबाने कमाल केली. जुलै 2012 मध्ये चीनच्या छिंगहाई पठारावर संशोधक साध्या विजांचा वर्णपट टिपत बसले होते आणि साधारण 900 मीटरवर वीज पडून तिथून गोळाच उठला. दीडेक सेकंद. कॅमेरे चालू! वर्णपटात निघालं काय, तर सिलिकॉन, लोह आणि कॅल्शियम.

"काका, ही तर आपल्या काळ्या रानातली माती," पुतणी म्हणाली. खरंच की. लोहाने भरलेल्या काळ्या दगडाची माती, त्यात चुनखडीचे खडे. दौंडच्या बांधावर हे तिन्ही पायाखाली. पण विमानातल्या गोळ्याला माती कुठली मिळाली, ते न्यूझीलंडच्या त्या दोघांना विचारायला हवं.

वाइडकूमच्या लोकांपाशी मात्र उत्तर तयार आहे, आणि ते मला कुठल्याही वर्णपटापेक्षा जास्त आवडलं. तो सैतान होता! जॅन रेनल्ड्स नावाचा जुगारी, सैतानाशी करार केलेला, हातात पत्ते घेऊन देवळात पेंगत होता. त्याला न्यायला आला. वाटेत पाउंड्सगेटच्या दारूगुत्त्यात थांबून त्याने रस्ता विचारला आणि बिअर मागितली. घोट गळ्यातून उतरताना तापल्या तव्यावर पाणी पडावं तसा चर्र आवाज झाला. त्याने दिलेल्या नाण्यांचा तो गेल्यावर पाचोळा झाला. घोडा त्याने मनोऱ्याच्या शिखराला बांधला, म्हणून शिखर पडलं. आमचा आग्या वेताळ मशाली नाचवत रानातून जातो, पण गुत्त्यात बसून बिल चुकतं करण्याचा सभ्यपणा त्याच्यापाशी नाही.

जॅनला घेऊन घोडा उडाला तेव्हा त्याच्या हातातले चार एक्के खाली पडले, ते अजून तिथेच आहेत. संध्याकाळी आम्ही ते बघायला वॉरन हाउस या खानावळीपाशी गेलो. समोरच्या उतारावर दगडी कुंपणांची चार जुनी शेतं: बदाम, चौकट, इस्पिक, किलवर. बदाम मला लगेच दिसला. किलवरवरून पुतणीशी वाद झाला. आत शेगडीत आग धडधडते आहे, आणि ती म्हणे 1845 पासून विझू दिलेली नाही.

बिअर आली. पुतणीने कान माझ्या गळ्याशी आणला. मी घोट घेतला.

"काहीच नाही, काका."

"मालकाला सांग, तरी पैसे मोजून घे म्हणावं." पण नाणी कुठली? मी कार्ड टेकवलं, यंत्र पिप् वाजलं, आणि पाचोळा व्हायला काही उरलंच नाही.