दहा रेघांचा सा

कॅमेरा न वापरता 16 एमएमच्या कोऱ्या पारदर्शक फिल्मवर मी शाईने चित्रं काढायचे. ख्याल गाणारी माझी मैत्रीण या कामात ओढली गेली ती फिल्मच्या कडेला धावणाऱ्या ध्वनिपट्टीमुळे. प्रोजेक्टरमध्ये त्या पट्टीतून प्रकाश जातो. तो जसा अडतो-सुटतो तसा आवाज उमटतो. नॉर्मन मॅक्लॅरन कॅनडात या पट्टीवर हाताने आवाज ‘काढत’ असे. लिस ऱ्होड्सने तर ‘ड्रेस्डेन डायनॅमो’मध्ये चित्रच ध्वनिपट्टीपर्यंत नेलं. आम्हीही तीच वाट धरली, पण हिशेब गाण्याचा ठेवला.

सेकंदाला 24 फ्रेम. एका फ्रेमच्या लांबीत 10 आडव्या रेघा मारल्या की सेकंदाला 240 कंपनं होतात. तो आमचा सा. 15 रेघांना पंचम, 20 ला तार सा. फ्रेम जेमतेम साडेसात मिलिमीटरची, म्हणून फिल्मखाली आलेखाचा कागद ठेवून बारीक टोकाच्या पेनाने काम चाले. त्याच रेघा चित्राच्या जागेतही न्यायच्या. सा लागला की पडद्यावरचे पट्टे जागच्या जागी थांबत. कोमल रिषभाला मात्र फ्रेममागे दहा आणि दोन तृतीयांश रेघा लागतात. हिशेब फ्रेममध्ये पुरा बसत नाही, त्यामुळे पट्टे हलू लागले.

“अगं, भैरवात याला आंदोलन देतातच की!” ती खूश.

वाद झाला तो 26 फ्रेमवरून. प्रोजेक्टरमध्ये चित्राची खिडकी ओलांडल्यावर 26 फ्रेमनंतर फिल्म ध्वनीच्या दिव्यापाशी पोचते. म्हणजे एकच रेघ आधी दिसते आणि सेकंदाहून किंचित जास्त वेळाने ऐकू येते. ध्वनीच्या रेघा तेवढ्या आधी मारून दोन्ही जुळवावं, असं माझं म्हणणं. ती म्हणाली, “जुळवतेस कशाला? 26 मात्रांचं आवर्तन धर.”

मग प्रत्येक आकृती आम्ही 26 फ्रेमची केली. पहिल्या आवर्तनाचा आवाज दुसऱ्याच्या चित्रावर येतो आणि दोन्हींची सम एकत्र पडते. गुरूच्या मागोमाग शिष्येने गावं, तसा सूर चित्रामागून चालतो.

शेवटच्या भागात पेन तिच्या हाती दिलं. आलेखाचा कागद बाजूला सारून, गुणगुणत, रेघांमधलं अंतर केसाकेसाने कमी करत तिने सा ते पंचम मींड ओढली. कुठे थांबायचं ते मी सांगत होते. श्रेयनामावलीत ‘चित्र’ आणि ‘ध्वनी’ अशा वेगळ्या ओळी आम्ही घातल्या नाहीत. एकाच रेघेची वाटणी कशी करणार?