वाड्यावरचा कॅमेरा

अहिल्यानगर शहर पठारावर वसलेले आहे. तेथून पश्चिमेकडे जिल्हा सह्याद्रीपर्यंत चढत जातो आणि अकोले तालुक्यात १६४६ मीटर उंचीच्या कळसूबाईशी राज्यातील सर्वोच्च उंची गाठतो. पठारावरच्या पर्जन्यछायेच्या मुलखातील, विशेषतः पारनेर तालुक्यातील ढवळपुरी परिसरातील धनगर दिवाळीनंतर मेंढरे घेऊन घाट उतरतात आणि कोकणातला मुसळधार पाऊस मेंढरांना सोसत नसल्याने पावसाळ्यापूर्वी पुन्हा पठारावर येतात.

या जीवनाची नोंद आधी बाहेरच्यांनी घेतली. जर्मन अभ्यासक गुंथर सोन्थायमर यांनी बिरोबा, म्हसकोबा, खंडोबा या धनगरांच्या दैवतांचा अनेक वर्षे अभ्यास केला आणि पंढरीच्या वारीवर माहितीपटही केला. त्यांची आस्था निर्विवाद होती. तरीही अभ्यासकाचा कॅमेरा साहजिकच सण, जत्रा, देव अंगात येणे अशा ठळक प्रसंगांकडे वळतो.

अहिल्यानगर जिल्ह्यातील एका मेंढपाळ कुटुंबाचे ‘धनगरी जीवन’ हे यूट्यूब चॅनल या क्रमाला छेद देते. वाडा, म्हणजे मेंढरांसह एकत्र फिरणाऱ्या बिऱ्हाडांचा तळ, हेच त्याचे चित्रीकरणस्थळ. तीन दगडांची चूल, पाट्यावरचे वाटण, बाजरीची भाकरी आणि मेंढरांमागची चाल यांतून त्याचे चित्रण उभे राहते. याला काटेकोर अर्थाने माहितीपट म्हणावे की नाही, हा वाद चित्रपटशास्त्राच्या जाणकारांनी खुशाल घालावा. महत्त्वाचे हे, की बाहेरून आलेल्या चित्रपटकर्त्यासाठी काम क्षणभर थांबवता येते, पण वाड्यावर कॅमेऱ्यानेच कामाच्या सवडीने चालावे लागते. कोकरू चुकले किंवा कळप शेतात शिरला, तर हात आधी तिकडे जातात. भाकरी भाजायला जितका वेळ लागतो तितका वेळ ती दिसत राहते, आणि शहरी संपादकाला कंटाळवाणा वाटेल असा हा संथपणाच येथे खरी माहिती देतो.

मात्र आतल्या माणसाच्या चित्रणाला आतल्याच मर्यादा असतात. मेंढरे शेतात बसवणे, म्हणजे लेंडीखताच्या मोबदल्यात शेतकऱ्याकडून धान्य किंवा पैसे घेऊन रात्री कळप त्याच्या रानात ठेवणे, हा या अर्थव्यवहाराचा कणा आहे आणि तो ओळखीवर चालतो. चराईवरून झालेले भांडण, वनखात्याशी उडालेला खटका किंवा भावकीतील तेढ बाहेरचा चित्रपटकर्ता दाखवून निघून जाऊ शकतो. मेंढपाळाला मात्र पुढच्या हंगामात त्याच वाटेने जायचे असते आणि त्याच बांधावर वाडा टाकायचा असतो, म्हणून अशा वेळी कॅमेरा बहुधा बंदच राहणार.