गहाण सुटेपर्यंत

आंब्याच्या दिवसांत रत्नागिरीच्या बाजारात जो गृहस्थ पेटीमागे पन्नास रुपये कमी व्हावेत म्हणून अर्धा तास उन्हात उभा राहतो, फळाचे देठ हुंगतो, तळाचा थर वर काढून पाहतो आणि शेवटी 'परवडत नाही' असे म्हणून पुढच्या दुकानाकडे वळतो, तोच गृहस्थ घराच्या कर्जाच्या कागदांवर चाळीस ठिकाणी सह्या करताना त्यांतली एकही ओळ वाचीत नाही. कारकुनाने बोट ठेवावे आणि याने सही करावी, असा तो सोहळा चाललेला असतो. पेटीतील दोन आंबे डागी निघाले तर त्याचे दुःख आठवडाभर पुरते. पण विसांचे तीस वर्षे होऊन लाखो रुपये अधिक गेले, तर त्याची वार्ताही त्यास नसते. मोठ्या आकड्यांपुढे मनुष्याची चिकित्सा अशी का लाजते, हे कोडे आम्हांस पुष्कळ दिवस पडलेले आहे.

'घर केवढ्यास पडले?' असे विचारले असता जो तो खरेदीखतातील आकडा सांगतो. हे उत्तर अर्धेच असते. उसन्या पैशाने घेतलेल्या घराची किंमत खरेदीखतात लिहिलेली नसते. ती गहाण सुटते त्या दिवशी कळते, आणि त्या दिवशी ती विचारणारा बहुधा कोणी नसतो.

'गहाण' हा शब्द संस्कृत 'ग्रहण' या शब्दापासून आला. आपल्या भाषेने या दोन्ही शब्दांस क्रियापदही एकच दिले आहे : ग्रहण सुटते आणि गहाणही सुटते. चंद्र आकाशात असतोच, पण त्यावर छाया पडलेली असते. घरही आपलेच असते, पण सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' या रकान्यात दुसऱ्याचा बोजा चढलेला असतो. इंग्रजीतील 'मॉर्गेज' हा शब्द फ्रेंचांकडून आला, आणि त्याचा मूळ अर्थ 'मृत तारण' असा आहे. त्या मानाने आमचे पूर्वज आशावादी म्हणावयाचे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने गहाणाचे सहा प्रकार सांगितले. पण त्याच्या पूर्वीपासून आमच्या लोकांच्या तोंडी नजरगहाण आणि कब्जेगहाण हे शब्द रुळलेले होते. नजरगहाणात घर ऋणकोच्या ताब्यात राही आणि धनकोची फक्त त्यावर नजर असे. कब्जेगहाणात धनको स्वतःच घरात किंवा शेतात येऊन बसे. आजचे गृहकर्ज म्हणजे, मूळ दस्तऐवज पेढीच्या तिजोरीत ठेवून केलेले एक प्रकारचे नजरगहाणच होय. फरक एवढाच की, पूर्वी नजर वाड्याच्या ओटीवरून असे, आता ती संगणकातून असते.

कोकणात घर बांधण्याची जुनी रीत निराळी होती. मुंबईहून मनिऑर्डर आली की खाणीतून चिरे आणावयाचे. एका वर्षी चौथरा व्हावा, दोन पावसाळे तो तसाच गवतात उभा राहावा, मग भिंती खिडकीपर्यंत चढाव्या, मग कोणाचे तरी लग्न निघून काम थांबावे, आणि दहाव्या वर्षी कौले चढावी. असे अर्धवट चौथरे आम्ही लहानपणी गावोगाव पाहिले आहेत. तेव्हा ते दारिद्र्याचे चिन्ह वाटे. आज विचार करता वाटते की, त्या घराचा प्रत्येक चिरा बसविला जाई तेव्हाच त्याचे पैसे चुकते झालेले असत. त्या घराची किंमत व्याजात मोजावी लागत नसे, वाट पाहण्यात मोजावी लागे. आणि जे चौथरा घालणारे ओटीवर बसण्यापूर्वीच गेले, त्यांनी ती पुरेपूर मोजली. म्हणून उधारीवाचूनचे घर फुकटात पडते असेही आम्ही म्हणणार नाही.

आणि ज्यांस वाट पाहणे शक्य नसे, ते सावकाराकडे जात. आमच्या घरच्या जुन्या पेटीत आजोबांच्या वेळचे एक गहाणखत आहे. रक्कम तीनशे रुपये. व्याज दरमहा दरशेकडा सव्वा रुपया. महिन्याला पावणेचार, वर्षाला पंचेचाळीस. आजोबा मोठे नेकीचे. दरसाल व्याज वेळेवर पोहोचवीत. मुद्दल फेडण्याइतके पैसे साठण्यास मात्र एकोणीस वर्षे लागली. तोवर तीनशेंवर आठशे पंचावन्न रुपये व्याज गेले होते. खताच्या पाठीवर 'भरून पावलो' हे दोन शब्द लिहिले आहेत, आणि ते शब्द घरातील देवाच्या टाकांइतक्याच आदराने जपले गेले आहेत.

येथे चाणाक्ष वाचक विचारील की, दामदुपटीचा नियम कोठे गेला? मुदलाइतके व्याज झाले की पुढे व्याज नाही, असे आपले धर्मशास्त्र सांगते ना? सांगते खरे. मनुस्मृतीत तो नियम आहे, इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोंच्या बाबतीत तो मानला, आणि १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्यातही त्याची छाया होती. पण त्यातली मेख अशी की, तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजास लागे. वेळोवेळी दिलेल्या व्याजास त्याचे बंधन नव्हते. ज्याने व्याज थकविले, त्यास दामदुपटीचे कवच. ज्याने ते नेमाने दिले, त्याने कितीही पट द्यावे! आजोबांचा नेकपणा असा त्यांच्याच अंगावर आला. आणि आजचा पगारदार मनुष्य, ज्याच्या खात्यातून हप्ता पहिल्या तारखेस आपोआप कापला जातो, तो याच नेक लोकांच्या पंक्तीत बसलेला आहे.

१९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी मुंबईस केवळ घरांसाठी कर्ज देणारी एच. डी. एफ. सी. ही संस्था काढली, तेव्हा सामान्य पगारदारास घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज मिळणे ही अपूर्वाई होती. निवृत्तीची रक्कम हाती आल्यावर घर घ्यावयाचे, ही तोवरची चाल. ती बदलली आणि तिशीच्या आतली मुले घरात राहू लागली, हा लाभ लहान नव्हे. सावकाराच्या ओटीवर ताटकळण्याची लाजही गेली. आम्ही जे पुढे लिहीत आहोत ते या सोयीविरुद्ध नाही. सोयीची किंमत डोळे उघडे ठेवून वाचावी, एवढ्याचसाठी आहे.

आमचा एक पुतण्या रत्नागिरीत माध्यमिक शाळेत शिक्षक आहे. वय अठ्ठावीस, त्याची पत्नीही एका कचेरीत नोकरी करते. नाचणे रस्त्याच्या बाजूस एक सदनिका त्यांनी पाहिली, आणि तीस लाखांचे कर्ज काढावयाचे ठरविले. 'काका, तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता हलका बसतो,' असे तो मोठ्या समाधानाने सांगत आला. अठ्ठाविसात तीस मिळविले की अठ्ठावन्न, म्हणजे त्याच्या निवृत्तीचे वर्ष! सारी नोकरी एका घरास वाहिली जाणार होती. आम्ही पाटी-पेन्सिल घेऊन बसलो. व्याज दरसाल नऊ टक्के धरले.

वीस वर्षांच्या मुदतीस हप्ता येतो २६,९९२ रुपये. सगळे हप्ते मिळून सुमारे ६४ लाख ७८ हजार. म्हणजे तीस लाखांवर ३४ लाख ७८ हजार व्याज. दामदुपटीची रेषा येथेच ओलांडली गेली. तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता २४,१३९ होतो. महिन्याची बचत २,८५३ रुपये. आणि या बचतीसाठी एकूण देणे होते सुमारे ८६ लाख ९० हजार! उलट मुदत पंधरा वर्षे केली तर हप्ता ३०,४२८, आणि एकूण देणे ५४ लाख ७७ हजार. महिन्यास ३,४३६ रुपये अधिक सोसले, तर विसाच्या मानाने दहा लाख वाचतात. हप्ता हलका करण्याची जी युक्ती म्हणून सांगितली जाते, ती ओझे अधिक दिवस वाहण्याची युक्ती आहे.

पुतण्यास त्याहून मोठा धक्का बसला तो निराळ्याच आकड्याने. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्याच्या २६,९९२ पैकी २२,५०० व्याजात जातात आणि मुदलास लागतात अवघे ४,४९२. पहिल्या वर्षी सव्वातीन लाखांच्या आसपास भरावे, आणि मुद्दल छप्पन हजारांनी उतरावे. दहा वर्षे झाली म्हणजे ३२ लाख ३९ हजार भरून झालेले असतात, घेतले त्याहून अधिक. आणि तरीही २१ लाख ३१ हजार देणे उरलेलेच असते. मुद्दल निम्मे होण्यास चौदा वर्षे लागतात. 'ही तर फसवणूक आहे,' असे तो म्हणाला. फसवणूक नाही. दर महिन्यास जेवढे मुद्दल शिल्लक, तेवढ्यावर त्या महिन्याचे व्याज, इतकाच सरळ हिशेब आहे. आरंभी शिल्लक मोठी म्हणून व्याज मोठे. परंतु याच सरळपणातून एक गोष्ट निघते : आरंभीच्या वर्षांत मुदलावर टाकलेला जादा रुपया पुढच्या सगळ्या वर्षांचे व्याज खातो, आणि शेवटच्या वर्षी टाकलेला रुपया जवळजवळ काहीच करीत नाही.

शिवाय हा नऊचा आकडा स्थिर नाही. सावकाराच्या खतातील सव्वा रुपया एकोणीस वर्षे सव्वाच राहिला. आजचे व्याज बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराबरोबर वरखाली होते. मे २०२२ मध्ये तो दर चार टक्क्यांवर होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहावर गेला. ज्याने नुकतेच सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी तीस लाख घेतले असतील, त्याचा हप्ता २३,२५९. दर अडीच टक्क्यांनी चढून साडेनऊ झाला, तर एका महिन्याचे व्याजच २३,७५० होते. म्हणजे हप्ता तेवढाच ठेवला तर तो सबंध भरूनही कर्ज वाढत जावयाचे! अशा वेळी मुदत ऋणकोच्या नकळत लांबविली जाई. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की, दर बदलल्याचा परिणाम ऋणकोस कळवावा आणि हप्ता वाढवावा की मुदत, हे त्यास निवडू द्यावे. २०२५ साली दर पुन्हा उतरले. पण उतरलेला दर आपल्या खात्यावर उतरला की नाही, हे पाहण्याचे काम ज्याचे त्यानेच करावे लागते.

आता दुसरी बाजूही मांडली पाहिजे, नाहीतर आमचा हिशेब एकांगी होईल. वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो. महागाई दरसाल सहा टक्क्यांनी वाढत गेली, तर विसाव्या वर्षीचा सत्तावीस हजारांचा हप्ता आजच्या सुमारे आठ हजार चारशेंइतकाच जड वाटेल. पगार मध्यंतरी वाढलेला असेल तो निराळाच. घर घेतले नसते तर भाडे द्यावे लागले असते, आणि भाड्याच्या पावत्या कितीही जपून ठेवल्या तरी त्यांचे घर होत नाही. म्हणून चौसष्ट लाख 'गेले' असे म्हणणे जितके चूक, तितकेच तीस लाखांत घर 'मिळाले' असे म्हणणेही चूक. प्राप्तिकरातील सवलतीचे गोडवे पुष्कळ गातात. पण जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजापोटी वर्षास दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या पद्धतीत ती नाही. आणि कर वाचावा म्हणून व्याज देत राहणे हे, औषध स्वस्त मिळते म्हणून आजारी राहण्यासारखे आहे.

पैशांत न मोजता येणारी किंमत राहिलीच. हप्त्याखाली दबलेला मनुष्य अन्यायी वरिष्ठास उत्तर देण्यापूर्वी तारीख पाहतो. पुढे शिकावे, दुसरे काही करून पाहावे, असे त्यास वाटले तरी तो ते बोलून दाखवीत नाही. दुखणे आले, एकाची नोकरी गेली, आणि खाते थकीत ठरले, तर २००२ च्या कायद्याप्रमाणे साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दाव्यावाचून, बँकेस घराचा ताबा घेता येतो. ज्या वर्षांत माणसाने थोडे धाडस करावे, तीच वर्षे गहाण पडतात. आणि त्यांची नोंद कोणत्याही सातबाऱ्यावर होत नाही.

हे सारे ऐकून आमच्या वहिनी म्हणाल्या, 'गावची कलमे विकून टाका आणि कर्ज कमी करा.' गुणाकाराने पाहता त्यांचे म्हणणे खरे होते. बागेचे उत्पन्न तिच्या किमतीवरील नऊ टक्क्यांस पुरे पडत नव्हते. पण ती बाग वहिनींच्या वैधव्यातील एकमेव स्वतःची मिळकत. सूनबाई शांतपणे म्हणाल्या, 'आईंच्या म्हातारपणाची फळी काढून आमच्या घराला दार नको.' पाटीवरचा कोणताही आकडा या वाक्यापुढे टिकला नाही, आणि टिकू नये, असेच आमचे मत आहे.

शेवटी ठरले ते असे. मुदत वीस वर्षांची; बाग राहिली; आणि आंब्याच्या उत्पन्नातील अर्धा वाटा वहिनींचा, अर्ध्यातून दरसाल एक जादा हप्ता मुदलात. बदलत्या व्याजाच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वी फेड केल्याबद्दल बँकांनी दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच ठरविले आहे. वर्षास एक जादा हप्ता पडत गेला, तर वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेसोळा वर्षांत फिटते आणि जवळजवळ सात लाख वाचतात. पुतण्या त्यास 'तेरावा हप्ता' म्हणू लागला; वहिनींनी त्या शब्दावर तत्काळ बंदी घातली. आता त्याचे नाव 'आंब्याचा हप्ता' आहे. ज्या वर्षी मोहोर करपेल त्या वर्षी तो भरला जाणार नाही, हेही सर्वांनी आधीच मान्य केले आहे. कोकणात राहून याहून पक्का करार कोणी करू नये.

रत्नागिरीत टेकडीवर थिबा राजाचा वाडा आहे. ब्रह्मदेशाचा तो पदच्युत राजा १८८६ पासून येथे नजरकैदेत होता. १९१० साली तो वाडा पुरा झाला, आणि १९१६ साली राजा निवर्तला. एवढे छप्पर डोक्यावर असून त्यास घराचे सुख किती लाभले, हे ज्याचे त्याने ठरवावे. मोठे घर आणि मोकळा मनुष्य या दोन गोष्टी एकत्र असतातच असे नाही. घर घेणाऱ्याने खोल्या मोजाव्या, तशी वर्षेही मोजावी. त्यांपैकी किती वर्षे दुसऱ्याच्या हवाली करावयाची हे एकदा शांतपणे ठरवून मग सही केली, तर ते कर्ज कितीही मोठे असो, ते आपण काढलेले असते. नाहीतर ते आपल्यास काढते.

डिसेंबर २०२३ पासून असा नियम आहे की, कर्ज पुरे फिटल्यावर तीस दिवसांच्या आत बँकेने मूळ कागदपत्रे परत करावी. तिच्याकडून विलंब झाला तर दिवसास पाच हजार रुपये भरपाई द्यावी. नियम चांगला आहे. पण जुन्या खतावर 'भरून पावलो' हे दोन शब्द धनकोच्या हाताने लिहिलेले असत, आणि ते वाचताना भरणाऱ्यासही आपल्यास काही पावले असे वाटे. साडेसोळा वर्षांनी पुतण्याच्या हाती बँकेचा छापील दाखला येईल. त्याच्या पाठीवर ते दोन शब्द त्याने स्वतःच लिहावे, आणि तो कागद आजोबांच्या पेटीत ठेवावा, असे आम्ही त्यास आताच सांगून ठेवले आहे.